शूटिंग नसलेल्या दिवसांचे पैसे कोणी द्यायचे?

१२ मार्च २०२१ रोजी पॅरिसच्या ओलँपिया सभागृहात सेझार या फ्रेंच चित्रपट पुरस्कारांचा सोहळा झाला. उत्कृष्ट वेशभूषेचा पुरस्कार द्यायला अभिनेत्री कोरीन मासिएरो मंचावर आली ती गाढवाच्या कातड्याचं सोंग घेऊन. त्याखाली रक्ताने माखलेला झगा होता आणि कानांत डुलांच्या जागी टॅम्पॉन. मग तिने तेही उतरवलं. सत्तावन्न वर्षांच्या त्या उघड्या अंगावर पुढच्या बाजूने लिहिलं होतं, ‘संस्कृती नाही तर भविष्य नाही’. पाठीवर तेव्हाचे पंतप्रधान ज्याँ कास्तेक्स यांच्यासाठी एकेरीत मजकूर होता: ‘ज्याँ, आमची कला परत दे.’ फ्रेंच उच्चारात तेच शब्द ‘पैसे परत दे’ असेही ऐकू येतात.

दुसऱ्या दिवसापासून वाद रंगला तो नग्नतेवर. उजव्या पक्षाच्या काही खासदारांनी सरकारी वकिलांकडे धाव घेतली आणि ते प्रकरण पुढे निकालात निघालं. कोरोनामुळे चित्रपटगृहं आणि नाट्यगृहं ऑक्टोबर २०२० च्या अखेरीपासून बंद होती. ४ मार्चपासून कलावंत पॅरिसच्या ओदेओँ नाट्यगृहात ठाण मांडून बसले होते. त्यांच्या मागण्यांत एक मागणी अगदी रुक्ष, हिशेबी होती: कामच बंद आहे, तेव्हा बेरोजगारी भत्त्याच्या हक्कासाठी लागणाऱ्या तासांची अट पुढे ढकला. अंगावरच्या मजकुराकडे पाहणाऱ्यांपैकी फार थोड्यांनी या हिशेबाकडे पाहिलं. मला तो हिशेबच महत्त्वाचा वाटतो. मासिएरोसारखी कारकीर्द फ्रान्समध्ये का घडू शकते, याचं अर्धं उत्तर त्यात आहे.

तिचा जन्म १९६४ चा, उत्तर फ्रान्समधल्या दुए या गावचा. हा कोळसा खाणींचा पट्टा आणि घर कामगारांचं. तरुणपणातल्या नशेच्या आणि बेघरपणाच्या दिवसांबद्दल ती स्वतः मुलाखतींतून बोलली आहे. नाट्यशाळेतून थेट पडद्यावर आलेल्यांपैकी ती नाही. ती तिशीच्या उंबरठ्यावर नाटकात शिरली. १९९८ मध्ये एरिक झोंका यांच्या लील शहरातल्या दोन मुलींवरच्या चित्रपटात तिला छोटी भूमिका मिळाली. सिरील मेनेगां यांच्या ‘लुईज विमेर’ची मुख्य भूमिका आली २०११ मध्ये. घटस्फोटानंतर गाडीत झोपणारी, हॉटेलात साफसफाई करणारी आणि सरकारी घराच्या यादीत नाव कधी लागतं याची वाट पाहणारी बाई तिने त्यात केली. २०१३ च्या सेझारमध्ये तो सर्वोत्कृष्ट पहिला चित्रपट ठरला आणि तिला मुख्य अभिनेत्रीचं नामांकन मिळालं. पुरस्कार इमान्युएल रिव्हा यांना गेला. त्याआधी, २०१२ मध्ये, जाक ओदियार यांच्या चित्रपटात ती नायकाची बहीण झाली. सुपरमार्केटच्या गल्ल्यावर बसणारी ही बहीण भावानेच बसवायला मदत केलेल्या छुप्या कॅमेऱ्यांमुळे नोकरी गमावते. २०१९ मध्ये ‘लेझँव्हिझीब्ल’ आला, बेघर स्त्रियांच्या दिवसा-निवाऱ्याबद्दलचा. त्याला फ्रान्समध्ये तेरा लाखांहून जास्त प्रेक्षक मिळाले. घराघरांत पोचवलं ते मात्र टीव्हीने. २०१५ पासून ‘कापितेन मार्लो’मधली कानटोपी घातलेली, उत्तरेकडच्या हेलात टोमणे मारणारी पोलीस अधिकारी म्हणून लोक तिला ओळखतात.

यातल्या १९९८ ते २०११ या तेरा वर्षांकडे पाहा. ही तेरा वर्षं पार करताना बहुतेक देशांतल्या नट्या संपतात. दोन दिवसांची परिचारिका, एका दृश्याची शेजारीण, जिल्ह्यातल्या सभागृहांतून फिरणारं नाटक, मधे तीन महिने काहीच नाही. गुण असूनही माणूस चौथ्या वर्षी दुकानात नोकरी धरतो, मग ऑडिशनला सुट्टी मिळत नाही आणि विषय संपतो. फ्रान्सने या मधल्या तीन महिन्यांसाठी एक यंत्रणा उभी केली आहे आणि ती कशी चालते हे जाणल्याशिवाय तिच्या बाजूने किंवा विरुद्ध बोलण्यात अर्थ नाही.

यंत्रणेचा गाभा एका आकड्यात आहे: बारा महिन्यांत ५०७ तास. कलावंत तेवढे तास मोबदल्याच्या करारावर काम केल्याचं दाखवतो आणि पुढच्या बारा महिन्यांत काम नसलेल्या दिवसांचा भत्ता त्याला मिळतो. पैसा सरकारी कलानिधीतून येत नाही. तो सगळ्या नोकरदारांच्या बेरोजगारी विम्यातून, म्हणजे ‘युनेदिक’कडून येतो. त्या नियमावलीच्या दोन जोडपत्रांत हा वर्ग बसवलेला आहे. आठवं जोडपत्र तंत्रज्ञांचं, दहावं कलावंतांचं. सिनेमातल्या तंत्रज्ञांसाठीची पहिली तरतूद १९३६ ची, नटांचा समावेश साठच्या दशकाच्या अखेरीचा.

तास मोजायची रीत दोघांची वेगळी. तंत्रज्ञाचे प्रत्यक्ष तास धरले जातात. आठ तासांचा दिवस धरला तर त्याला ६४ दिवस भरावे लागतात. नटाला ‘काशे’ म्हणजे ठोक मानधन मिळतं आणि २०१६ पासून प्रत्येक काशेचे सरसकट १२ तास धरतात, मग कॅमेऱ्यासमोर तो चाळीस मिनिटं उभा असो की दिवसभर. म्हणजे ४३ काशे. दोन महिन्यांचीही मजुरी नाही, असं कुणी म्हणेल, आणि टीकाकार म्हणतातच. पण काय मोजलं जात नाही तेही पाहा. संवाद पाठ करणं, ऑडिशन, घोडेस्वारी किंवा बोली शिकणं, बिनपगारी वाचन आणि चित्रपटाच्या प्रसिद्धीसाठी गावोगाव हिंडणं यांतलं काहीच मोजत नाहीत. चार दिवसांच्या भूमिकेमागे तीन आठवडे जातात आणि कागदावर ४८ तास उमटतात.

एका मध्यम नटीचं वर्ष मांडून पाहू. टीव्हीचे आठ दिवस, लघुपटांचे चार, नाटकाचे पंचवीस प्रयोग. ३७ काशे, ४४४ तास. उरलेले कुठून आणायचे? मान्यताप्राप्त संस्थेत अभिनय शिकवला तर त्याचे जास्तीत जास्त ७० तास चालतात. बेरीज ५१४. सुटली. वयाची पन्नाशी ओलांडली असेल तर शिकवण्याची मर्यादा १२० तासांपर्यंत जाते आणि ३३ काशेंवर भागतं. मातृत्व रजेचे दिवस प्रत्येकी पाच तास धरले जातात. या तरतुदीसाठी नट्यांनी आणि तंत्रज्ञ बायकांनी संघटना काढून भांडण केलं होतं, कारण त्याआधी बाळंतपण म्हणजे हक्काचं वर्ष बुडणं असा सरळ अर्थ होता.

भत्त्याच्या रकमेचं सूत्र तीन तुकड्यांचं आहे: एक तुकडा वर्षभराच्या कमाईवरून, एक तासांवरून, एक सगळ्यांना समान. कलावंतांसाठी दिवसाला किमान ४४ युरो, तंत्रज्ञांसाठी ३८. दर महिन्याला किती दिवसांचे पैसे मिळणार, हेही ठरलेलं. त्या महिन्यातल्या कामाच्या तासांना १० ने भागा, १.३ ने गुणा, तितके दिवस वजा. चार काशे म्हणजे ४८ तास, उत्तर ६.२४, म्हणून सहा दिवस वजा. तीस दिवसांच्या महिन्यात चोवीस दिवसांचा भत्ता, किमान दराने १०५६ युरो. त्यातून सुरुवातीचे सात दिवस आणि रजेच्या पगाराच्या मोबदल्यात कापले जाणारे दिवस निघतात. पॅरिसमध्ये एवढ्यात कुणी चैन करत नाही. पण खोलीचं भाडं भरलं जातं आणि मंगळवारी दुपारी ऑडिशन असेल तर जाता येतं.

‘टीव्हीवर झळकणाऱ्या बाईला बेकारभत्ता कशाला?’ हा नेहमीचा आक्षेप याच सूत्रात विरघळतो. एका महिन्यात पगार आणि भत्ता मिळून सामाजिक सुरक्षेच्या हिशेबासाठी सरकार ठरवतं त्या मासिक कमाल पगाराच्या ११८ टक्क्यांवर जाता येत नाही. २०२४ साली ही रेषा सुमारे ४५६० युरो होती. मोठ्या मालिकेची नायिका शूटिंगच्या महिन्यात ती केव्हाच ओलांडते आणि तिला शून्य मिळतं. उलट तिच्या पगारावरची वर्गणी त्या कमाल पगाराच्या चौपटीपर्यंत कापली जाते. या क्षेत्रातल्या मालकांची वर्गणीही इतर उद्योगांच्या दुपटीहून जास्त, ४ टक्क्यांच्या जागी ९ टक्क्यांच्या आसपास. म्हणजे लोकप्रिय मालिकेची नायिका निधीत भर घालते आणि तिच्याच भागात दोन दिवस साक्षीदार झालेली नटी त्यातून तगते. ही सोय मला न्याय्य वाटते, कारण त्या दोन दिवसांच्या नटीशिवाय मालिका उभी राहत नाही आणि तिला वर्षभर पदरी बाळगायची निर्मात्याची तयारी नसते.

सगळं सुरळीत चालतं असं मात्र अजिबात नाही. पहिली अडचण कागदाची. प्रत्येक मालकाने महिन्याचं प्रमाणपत्र रोजगार कार्यालयाला पाठवायचं असतं. नाटक मंडळी आठ, मालक आठ, प्रमाणपत्रं आठ. त्यातल्या एकाने उशीर केला की त्याचे तास अधांतरी लटकतात. कलावंताने स्वतः दर महिन्याच्या २८ तारखेपासून पुढच्या महिन्याच्या १५ पर्यंत आपली नोंद करायची. दौऱ्यावर असताना ती चुकली तर भत्ता थांबतो.

दुसरी अडचण रेषेची. ४९५ तासांवर वर्ष संपलं तर एका काशेसाठी सगळं जातं. यासाठी २०१६ मध्ये सवलत ठेवली गेली. ३३८ तास भरलेले असतील आणि गेल्या दहा वर्षांत पाच वेळा हक्क मिळालेला असेल, तर सहा महिन्यांची मुदत मिळते. जुन्या माणसाला दोरी आहे, नव्या पोराला नाही. पहिल्या पाच वर्षांत पडलेला पडला. मला हे उलटं वाटतं. अनुभवी नटीच्या ओळखी असतात, नवख्याला मुदतीची गरज जास्त.

तिसरी अडचण सगळ्यांत महागडी आणि तिचा दोष कलावंतांवर ढकलला जातो. या क्षेत्रात कायद्याने दिवसागणिक मुदतीचे करार पुन्हा पुन्हा करता येतात. कार्यक्रमनिर्मितीतल्या कंपन्या आणि वाहिन्या याचा फायदा घेऊन वर्षानुवर्षं त्याच संकलकाला, त्याच ध्वनिमुद्रकाला महिन्याचे दहा-बारा दिवस कागदावर देतात आणि उरलेला महिना विमा निधीवर सोडतात. काम कायमचं, करार हंगामी. कोर्टात गेलेल्यांना अनेकदा कायम नोकरीचा दर्जा मिळाला आहे. पण पुढचं कामच बंद होईल या भीतीने जातात किती? हा मालकांना मिळणारा अघोषित सरकारी अनुदानाचा प्रकार आहे.

मग खर्चाचं काय? फ्रान्सच्या लेखापरीक्षण न्यायालयाने वारंवार, २०१२ सालीही, वर्षाला सुमारे एक अब्ज युरोच्या तुटीचा आकडा मांडला. तो खोटा नाही, पण अपुरा आहे. उद्या ही दोन जोडपत्रं रद्द केली तरी ही माणसं सामान्य नियमांखाली भत्ता मागणारच. खरा प्रश्न असा की विशेष नियमांमुळे जादा किती जातात. खासदार ज्याँ-पात्रिक जील यांच्या २०१३ च्या अहवालात युनेदिकचाच अंदाज होता: सुमारे ३२ कोटी युरो. त्याच सुमारास सरकारी निरीक्षकांच्या अहवालाने संस्कृती क्षेत्राचं मूल्यवर्धन ५७.८ अब्ज युरो, राष्ट्रीय उत्पन्नाच्या ३.२ टक्के, इतकं मोजलं. या दुसऱ्या आकड्याचा ढोल पिटणाऱ्यांबरोबर मी जाणार नाही. त्यात प्रकाशन, जाहिरात, वास्तुरचना असं बरंच काही येतं आणि नाटकवाल्याचा भत्ता जाहिरातीच्या उलाढालीवर समर्थनीय ठरत नाही. पहिला आकडा पुरेसा आहे.

अट कडक करून पैसे वाचतात का, हेही फ्रान्सने करून पाहिलं आहे. २००३ मध्ये बारा महिन्यांची मुदत कलावंतांसाठी साडेदहा आणि तंत्रज्ञांसाठी दहा महिन्यांवर आणली आणि हक्क तपासायची वर्षाची ठरलेली तारीख काढून भत्त्याच्या २४३ दिवसांचा साठा दिला. त्या उन्हाळ्यात आविन्योंचा नाट्यमहोत्सव रद्द झाला, एक्सचा संगीत महोत्सव आणि ला रोशेलचा उत्सवही. घाव कुणावर बसला? ज्यांचं काम हंगामी होतं, उन्हाळ्यात प्रयोग आणि हिवाळ्यात तालमी, ते या मुदतीबाहेर पडले. वर्षभर नियमित दिवस मिळणारे, म्हणजे नेमके ते कायम-हंगामी, आरामात बसले. आणि तूट? नऊ वर्षांनी लेखापरीक्षक अब्जाचाच आकडा वाचून दाखवत होते. २०१६ मध्ये बारा महिने आणि ठरलेली तारीख परत आली, ती या क्षेत्रातल्या मालकांनी आणि संघटनांनी आपसांत बसून केलेल्या करारातून. म्हणून वाचवायचं असेल तर अट वाढवू नका, वाहिन्यांच्या दारात जा. एकाच मालकाकडे वर्षात ठरावीक दिवसांवर गेलेल्या हंगामी करारावर जादा वर्गणी लावा. पैसा तिथे आहे.

आपल्याकडे मदतीची दिशा वेगळी आहे. मराठी चित्रपटाचं अनुदान निर्मात्याला, चित्रपट पूर्ण झाल्यावर, परीक्षणाच्या श्रेणीनुसार मिळतं. कलावंताच्या हाती थेट पडतं ते ज्येष्ठ कलावंतांचं मानधन, महिन्याला ५००० रुपये, तेही पन्नाशीनंतर आणि निवडीतून. मधली पंचवीस वर्षं नव्वद दिवसांनी मिळणाऱ्या मालिकेच्या चेकवर काढायची. फ्रेंच नियमावली इथे जशीच्या तशी आणता येणार नाही, कारण तिच्याखाली सार्वत्रिक बेरोजगारी विमा आहे आणि आपल्याकडे तो पायाच नाही. पण प्रत्येक दिवसाचा लेखी करार आणि प्रत्येक कराराची सरकारदरबारी नोंद, एवढा पहिला टप्पा तरी पैशांवाचून अडलेला नाही.

मासिएरोसारखी कारकीर्द का घडते, त्या उत्तराचं आता उरलेलं अर्धं. तासांची यंत्रणा नटीला टिकवते, भूमिका निर्माण करत नाही. फ्रान्समधल्या नटनट्यांच्या एका संघटनेने पन्नाशीच्या अभिनेत्रींवर समितीच नेमली. तिच्या मोजणीत २०१५ च्या फ्रेंच चित्रपटांतल्या भूमिकांपैकी ८ टक्के पन्नाशीपुढच्या स्त्रियांना मिळाल्या होत्या, पुढच्या वर्षी ६ टक्के. देशातल्या प्रौढ स्त्रियांत मात्र दर दोघींपैकी एक पन्नाशी ओलांडलेली आहे. पडद्यावर त्या वयाच्या बायका एक तर आई म्हणून येतात, नाहीतर येतच नाहीत. भूमिका आटल्या की ५०७ तास आटतात आणि पंचवीस वर्षं वर्गणी भरलेली बाई नेमकी गरजेच्या वेळी बाहेर पडते. इझाबेल युपेर सत्तरीतही मुख्य भूमिका करते, हे उदाहरण इथे देऊ नये. शिखरावरच्या तिघी-चौघींवरून पायथ्याचा अंदाज येत नाही.

मासिएरोचं उदाहरण त्या मानाने कामाचं आहे, कारण तिचं यश वयाला वळसा घालून आलेलं नाही. मार्लो ही व्यक्तिरेखा आधी २०१० च्या दशकाच्या सुरुवातीच्या एका लघुमालिकेत दुय्यम होती. दिग्दर्शिका जोझे दायान यांनी तिच्यावरच स्वतंत्र मालिका उभी केली, तेव्हा मासिएरो एक्कावन्न वर्षांची होती. नव्वद मिनिटांचा भाग, दर वेळी नवा प्रदेश, दर वेळी एक नामांकित पाहुणा. नायिकेला नवरा नाही, प्रेमप्रकरणाचं शेपूट नाही, सुंदर दिसायची सक्ती नाही. ती संशयिताच्या स्वयंपाकघरात न विचारता शिरते आणि गावठी विनोद करत खुन्याला गाठते. लाखो प्रेक्षक सरकारी वाहिनीवर हे बघत बसतात. ‘प्रौढ बाई चालत नाही’ हा कार्यक्रम-प्रमुखांचा आवडता सिद्धांत एवढ्याने मोडायला हवा होता. तो मोडला नाही. मार्लोला अपवाद ठरवून बाजूला ठेवलं गेलं. मालिका दर्जाने सरस आहे असं मी म्हणणार नाही. कित्येक भागांतलं रहस्य अर्ध्या तासात ओळखू येतं आणि ती टोपी हळूहळू स्वतःचीच नक्कल करू लागली आहे. पण तशा सामान्य मालिका पुरुष निरीक्षकांना शेकड्यांनी मिळत आल्या आहेत.

उपायाची चौकट फ्रान्समध्ये तयार आहे. राष्ट्रीय सिनेमा केंद्र, म्हणजे सेएनसी, २०१९ पासून स्त्री-पुरुष समतोल राखणाऱ्या चित्रपटांना मदतीवर १५ टक्के जादा देतं. हा समतोल दिग्दर्शन, पटकथा, छायाचित्रण, संकलन अशा कॅमेऱ्यामागच्या पदांवर मोजला जातो. कॅमेऱ्यासमोर कोण उभं आहे, ते मोजत नाहीत. तिथेही मोजावं आणि नावांनी नाही, दिवसांनी मोजावं. नावं मोजली तर निर्माता पाच आज्यांना एकेक वाक्य देऊन मोकळा होईल. पन्नाशीपुढच्या अभिनेत्रींना चित्रपटातल्या एकूण काशेंपैकी किती मिळाले, हा आकडा धरावा आणि त्यावर जादा मदत बांधावी. टीव्हीसाठीही तेच, कारण तासांची खरी भरती तिथूनच होते. यासाठी नवं सर्वेक्षण लागत नाही. मालक दर महिन्याला पाठवतात त्या कागदांत प्रत्येक करार आणि त्याचे काशे असतात, सोबत कलावंताचा सामाजिक सुरक्षा क्रमांक. फ्रान्समध्ये त्या क्रमांकाचा पहिला अंक स्त्री की पुरुष ते सांगतो आणि पुढचे दोन जन्मवर्ष.